तरवड : खानदेशच्या विहिरींमागचे पिवळे झुडूप

१/
धुळ्याहून साक्रीकडे जा, किंवा चाळीसगावहून कन्नड घाटाच्या पायथ्याशी या. मुरमाड माळावर, बांधावर, नाल्याच्या काठावर पिवळ्या फुलांनी लदलेले एक झुडूप दिसते. गुरे त्याला सहसा तोंड लावत नाहीत, शेतकरी त्याला पीक मानत नाही आणि इमारती लाकडाच्या हिशेबात ते बसत नाही. हे तरवड. आजचा धागा या झुडपाचा आहे. त्याच्या निमित्ताने जुन्या खानदेशात विहिरीचे पाणी वर कसे येत असे आणि ते आणण्यासाठी कोणाचे हात राबत, हेही पाहू.

२/
आधी ओळख. तरवड हे शेंगावर्गीय कुळातील सदाहरित झुडूप. उंची साधारण माणसाएवढी, कधी त्याहून थोडी जास्त. पाने चिंचेसारखी संयुक्त, शेंगा चपट्या आणि कागदासारख्या पातळ. लिनियसने १७५३ साली त्याला ‘कॅशिया ऑरिक्युलाटा’ म्हटले. आज त्याचे शास्त्रीय नाव ‘सेना ऑरिक्युलाटा’ आहे. लॅटिनमध्ये ‘ऑरिक्युला’ म्हणजे लहान कान. पानाच्या देठाशी कानाच्या पाळीसारखी दोन गोल उपपर्णे असतात, त्यांवरून हे नाव पडले.

३/
टाकळा किंवा तरोटा म्हणजे तरवड नव्हे. टाकळा याच गणातला, त्याचीही फुले पिवळी. पण तो पावसाबरोबर उगवतो आणि हिवाळ्यात वाळून जातो. त्याच्या कोवळ्या पानांची भाजी होते. तरवड लाकडी खोडाचे आहे, बारमाही आहे. उन्हाळ्यात सगळा माळ करपून गेला तरी ते हिरवेच राहते. या कथेत तरवडाचा हा चिवटपणा फार महत्त्वाचा आहे.

४/
संस्कृत निघंटूंत या झुडपाची अनेक नावे आढळतात : आवर्तकी, पीतपुष्पा, चर्मरंगा. पहिली दोन बाजूला ठेवा. तिसऱ्या नावात या वनस्पतीचा इतिहास साठवलेला आहे. चर्म म्हणजे कातडे. त्याला रंग देणारी ती चर्मरंगा. इंग्रजांनीही तिला दिलेल्या नावाचा अर्थ ‘कातडे कमावणाऱ्यांचा कॅशिया’ असाच होतो. दोन वेगळ्या ज्ञानपरंपरांनी एका झुडपाला एकाच कामावरून ओळखावे, यावरून ते काम किती महत्त्वाचे होते हे कळते.

५/
कातडे ‘कमावणे’ म्हणजे काय? जनावराचे कच्चे कातडे ओले राहिले तर कुजते आणि वाळले तर लाकडासारखे कडक होते. दोन्ही अवस्थांत ते निरुपयोगी. काही झाडांच्या सालींत व फळांत टॅनिन नावाचे तुरट द्रव्य असते. ते कातड्यातील प्रथिनांच्या तंतूंना घट्ट बांधते. मग कातडे सहजी कुजत नाही, वाळल्यावर तडकत नाही आणि वळवता येते. कच्ची सुपारी किंवा हिरडा चघळल्यावर जीभ आखडते, तोही टॅनिनचाच परिणाम.

६/
तरवडाच्या सालीत साधारण १८ टक्के टॅनिन असते. जुन्या चर्मोद्योगात देशाचे ढोबळमानाने दोन भाग पडत : उत्तरेत बाभळीची साल, दक्षिणेत तरवडाची. बाभळीने कातडे गडद, जाड, दणकट होते; तरवडाने फिकट, लवचीक आणि लवकर कमावले जाते. हिरडा दोन्हीकडे साथीला. खानदेश या दोन प्रदेशांच्या सीमेवर आहे. तापीच्या काळ्या मातीत बाभळी, माळांवर तरवड, सातपुड्यात आणि सह्याद्रीच्या फाट्यांवर हिरडा. कातडे कमावण्यास लागणारे सारे साहित्य दोन-तीन दिवसांच्या बैलगाडीच्या वाटेत मिळे.

७/
आता पाण्याकडे वळू. खानदेशात पाऊस बेताचा आणि लहरी. पांझरा, मोसम यांसारख्या नद्यांच्या काठी फड पद्धत होती : नदीवर दगडी बंधारा, त्यातून पाट आणि सामाईक नियमांनी वाटलेले पाणी. या पद्धतीचे कौतुक योग्यच होते आणि तिच्यावर बरेच लिहिलेही गेले आहे. पण फडाचे भाग्य नदीकाठच्या गावांचे. नदीपासून दूर असलेल्या गावांत भाजीपाला, ऊस, केळी, रब्बीचा गहू, सगळे विहिरीवर अवलंबून. आणि विहिरीचे पाणी वर आणणारे साधन एकच : मोट.

८/
मोट ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी. ती कातड्याची मोठी पिशवी. तिचे तोंड रुंद आणि खालच्या बाजूस हत्तीच्या सोंडेसारखी नळी. तोंडाला जाड दोर, तो नाडा. सोंडेला बारीक दोर, तो सोंदूर. बैलजोडी उतरत्या धावेवरून खाली चालत गेली की मोट भरून वर येते. वर येईपर्यंत सोंड दुमडलेली राहते. मोट काठाशी आली की सोंदूर सोंडेला थारोळ्याकडे ओढतो आणि पाणी आपोआप बाहेर पडते. हाताने उलटी करण्याची गरज नाही. एक माणूस, दोन बैल आणि एक कातडी पिशवी यांच्या बळावर शेत भिजते.

९/
या यंत्रातील सर्वांत नाजूक भाग कोणता? चाक लाकडाचे, ते वर्षानुवर्षे टिके. दोर तुटला तर दुसरा वळता येई. कातडे मात्र दिवसभर पाण्यात बुडे, दगडी काठाला घासे, रात्री वाळे आणि पहाटे पुन्हा भिजे. नीट न कमावलेले कातडे एका हंगामातच फाटे. ऐन रब्बीत मोट फाटली तर पीक हातचे जाई. म्हणजे विहीर कितीही खोल खणली, तरी तिचे पाणी शेतापर्यंत पोहोचणे कातडे कमावणाऱ्याच्या कौशल्यावर अवलंबून होते.

१०/
मोट एकट्याची निर्मिती नव्हे. गावगाड्यात तिची कामे जातींत वाटलेली होती. मेलेले जनावर ओढून नेण्याचे काम महारांवर लादलेले. कातडे कमावणारे ढोर. ते कापून शिवणारे चांभार. नाडा-सोंदूर वळणारे मांग. चाक आणि चौकट सुताराची. या साखळीतील सुतार गावात राहत होता. बाकी चौघांची घरे गावकुसाबाहेर. शेताला पाणी देणाऱ्या साधनाचा बहुतेक भाग अशा लोकांनी घडवला, ज्यांना गावच्या पाणवठ्यावर पाणी भरण्याची मुभा नव्हती. हे वाक्य पुन्हा एकदा वाचावे, इतके ते महत्त्वाचे आहे.

११/
तरवडाची साल मिळवण्याची पद्धत साधी, पण कष्टाची. दोन-तीन वर्षांच्या फांद्या बुडाशी छाटायच्या, लाकडी मोगरीने ठेचायच्या आणि साल ओढून सोलायची. मग ती उन्हात वाळवून पेंढ्या बांधायच्या. सोललेल्या काड्या चुलीला. छाटलेले झुडूप मरत नाही. पुढल्या पावसात बुंध्यातून नवे फुटवे येतात आणि दोन-तीन वर्षांत पुन्हा साल देतात. बाभळीची खोडावरची साल काढली तर झाड जाते. तरवड मात्र कापणी सोसते. कोणी न लावलेले आणि कोणी न राखलेले हे पीक पिढ्यान्‌पिढ्या असेच मिळत राहिले.

१२/
कातड्यावरचे संस्कार पुढीलप्रमाणे होत. आधी ते स्वच्छ पाण्यात भिजवून धुवायचे. मग चुन्याच्या हौदात काही दिवस. त्याने केस सुटतात. ते खरवडून काढायचे, आतल्या बाजूचे मांस तासायचे. मग चुना निघून जाईपर्यंत पुन्हा धुलाई. चुना राहिला तर साल नीट मुरत नाही, जास्त धुतले तर कातडे सैल पडते. कधी थांबायचे हे बोटांना कळते. कोणतेही मोजमापाचे साधन नसताना, स्पर्श आणि वास यांच्या आधारे केलेले हे रसायनशास्त्र होते.

१३/
यानंतर सालीचे पाणी. कुटलेली साल पाण्यात भिजवून तिचा तुरट अर्क काढतात. आधी सौम्य अर्कात कातडे मुरवतात, मग तीव्र अर्कात. मोटेसारख्या जाड कातड्यासाठी आणखी एक युक्ती : कातडेच पिशवीसारखे शिवून, त्यात साल आणि अर्क भरून ते तिकाटण्याला टांगायचे. अर्क कातड्यातून झिरपत खाली ठिबकतो; तो गोळा करून पुन्हा वरून ओतायचा. काही दिवसांनी पिशवी उलटी टांगायची, म्हणजे दोन्ही टोके सारखी मुरतात. शेवटी हिरड्याचे पाणी आणि तेलाचा हात.

१४/
या साऱ्या क्रियेला मराठीत शब्द आहे ‘कमावणे’. पैसा कमावतात, शरीर कमावतात आणि कातडेही कमावतात. तिन्ही ठिकाणी अर्थ एकच : कच्च्या वस्तूवर दीर्घ श्रम करून तिला टिकाऊ व उपयोगी करणे. भाषेने या कामाचा मान ओळखला होता. समाजाने ओळखला नाही. कातडे कमावणाऱ्याला मात्र गावाने त्याच कामासाठी अस्पृश्य ठरवले.

१५/
१८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि खानदेश कंपनी सरकारकडे गेला. कॅप्टन जॉन ब्रिग्जने धुळे हे मुख्य ठाणे केले. मग मोजणी, जमाबंदी, नकाशे आले. १८८० मध्ये मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा खानदेश खंड निघाला. अभ्यासकांनी तो अवश्य वाचावा. पिके, विहिरी, बंधारे, बाजार, जाती, सगळे त्यात आहे. पण वाचताना एक सवय लावून घ्या : सरकार ज्यावर सारा घेते, त्याची नोंद सविस्तर असते. बागायत जमिनीवर आकार होता, म्हणून विहीर मोजली गेली. बांधावर फुकट उगवणाऱ्या सालीवर आकार नव्हता, म्हणून त्या सालीच्या पेंढ्या कोणी मोजल्या नाहीत.

१६/
१८६० च्या दशकात लोहमार्ग भुसावळ-जळगावला पोहोचला. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे (१८६१-६५) खानदेशच्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. ही कथा सर्वांना ठाऊक असते. पण जी गाडी कापूस मुंबईला नेत होती, तिनेच कच्ची कातडीही नेता येऊ लागली. पूर्वी गावात मेलेल्या जनावराचे कातडे गावातच कमावले जाई आणि मोट, वहाणा, पखाल, आसूड होऊन गावातच राही. आता त्याला दूरच्या बाजाराचा भाव आला. व्यापारी कच्चे कातडे उचलू लागला, तसतशी गावातल्या कुंडांची गरज घटू लागली.

१७/
दुष्काळात या व्यापाराचे भेसूर रूप दिसले. १८९९-१९०० चा ‘छपन्नचा दुष्काळ’ (विक्रम संवत १९५६) खानदेश आणि गुजरातला भयंकर गेला. वैरण नाही, पाणी नाही. गुरे हजारोंनी मेली. त्याच काळात हिंदुस्थानातून होणारी कातड्यांची निर्यात एकदम वाढली. निर्यातीच्या तक्त्यात ती भरभराट दिसते. प्रत्यक्षात तो बैलांच्या मरणाचा आकडा होता. आणि बैल नाही तर मोट चालणार कशी? विहिरीत थोडे पाणी असले तरी ते वर येणार नव्हते.

१८/
त्या उजाड माळावर हिरवे उभे होते ते तरवड. गुरांच्या पोटाला ते उपयोगी पडले नाही. माळरानाच्या अभ्यासकांना हे कोडे परिचित आहे : अतिचराईने चाऱ्याचे गवत संपते आणि गुरे न खाणारी झुडपे मात्र पसरतात. म्हणजे तरवडाने पिवळाधमक झालेला माळ दिसायला सुंदर असला, तरी तो बऱ्याचदा चराईच्या ताणाची खूण असतो. वनस्पतीही इतिहासाची साधने असतात, ती अशी.

१९/
दुसरीकडे जंगलाचे कायदे आवळत होते. १८७८ च्या वन कायद्याने राखीव जंगलांची आखणी झाली. महात्मा फुले यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये (लेखन १८८३) जंगल खात्यावर कोरडे ओढले ते याच काळात, रानातल्या चराईवर आणि पाना-फुलांवर जगणाऱ्यांची वाट बंद झाली, हा त्यांचा आक्षेप होता. पुढे १९२७ च्या कायद्याने ‘वनोपज’ शब्दाची व्याख्या केली. काही वस्तू जंगलातल्या असोत वा नसोत, त्या वनोपजच. त्या यादीत राळ, लाख, मोहाची फुले, हिरडा आहे. आणि सालही आहे.

२०/
मग युद्ध आले. १९१४-१८ च्या महायुद्धात ब्रिटिश फौजेला बुटांसाठी अफाट चामडे लागले. बुटाच्या वरच्या भागासाठी ‘ईस्ट इंडिया किप्स’ नावाचे अर्धे कमावलेले हिंदी कातडे पसंत केले जाई. ते मुख्यतः मद्रास इलाख्यात तयार होई आणि त्याचा प्राण होता तरवडाची साल. तमिळमध्ये तिला ‘आवारम’ म्हणतात. १९१६ पासून सरकारने मद्रास आणि मुंबईतील या मालाची खरेदी स्वतःच्या ताब्यात घेतली. युरोपच्या खंदकांत चिखल तुडवणाऱ्या बुटांत दख्खनच्या माळावरील एका झुडपाचा तुरट रस मुरलेला होता.

२१/
मुंबईत हा उद्योग धारावीत वसला. १९व्या शतकाच्या उत्तरार्धात तिथे कातडी कमावण्याचे कारखाने उभे राहिले आणि त्यांत तमिळ मुस्लिम व्यापारी-कारागिरांचा मोठा वाटा होता. ते दक्षिणेतून आपली विद्या घेऊन आले. महाराष्ट्रातील चांभार-ढोर कुटुंबेही या वस्तीकडे ओढली गेली. गावातले कुंड ओस पडणे आणि शहरातला कारखाना वाढणे, या एकाच घडामोडीच्या दोन बाजू आहेत.

२२/
युद्धातल्या मागणीने तरवड कमी पडू लागले. दोन-तीन वर्षांनी फुटणाऱ्या झुडपाला घाई करता येत नाही. इथे दक्षिण आफ्रिकेतील नाताळच्या ‘वॅटल’ सालीने बाजारात प्रवेश केला. वॅटल मूळचे ऑस्ट्रेलियाचे. नाताळमध्ये त्याचे मळे लावलेले होते. त्याच्या सालीत टॅनिन तरवडाहून बरेच अधिक, ३० टक्क्यांच्या पुढे. योगायोग पाहा : वॅटलही शेंगावर्गीय, सदाहरित आणि पिवळ्या फुलांचेच. रानात उगवलेल्या तरवडाला मळ्यात वाढवलेल्या आणि आगबोटीने आलेल्या चुलतभावाने मागे टाकले.

२३/
त्याआधीच दुसरे आव्हान उभे होते : क्रोम. क्रोमियमच्या क्षारांनी कातडे कमावण्याची पद्धत १८८४ मध्ये ऑगस्टस शुल्ट्झने अमेरिकेत पेटंट केली. आठवड्यांचे काम दिवसांवर आले. हिंदुस्थानात मद्रासच्या अल्फ्रेड चॅटर्टनने १९०३ च्या सुमारास तिचे प्रयोग सुरू केले. त्यात त्याच्या डोळ्यांपुढे कोणती वस्तू होती? विहिरीतून पाणी काढण्याची कातडी मोट! पाण्यात सतत बुडणाऱ्या मोटेला क्रोमचे चामडे अधिक टिकेल, असा त्याचा विचार होता. शेतीचे पाणी आणि चामडे यांचे नाते तेव्हाच्या सरकारी तंत्रज्ञालाही इतके स्पष्ट दिसत होते.

२४/
१९३० च्या दशकात प्रश्न तंत्राचा उरला नाही. तो माणसांचा झाला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत मेलेली जनावरे ओढण्याचे आणि मृतमांस खाण्याचे सोडून द्या, असे सांगितले होते. १९२८ मध्ये त्यांनी मुंबई विधिमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी खानदेशच्या उंबऱ्याशी असलेल्या येवल्यात धर्मांतराची घोषणा झाली. या सर्वांच्या मुळाशी एक प्रश्न होता : जन्माने लादलेले काम, ते कितीही उपयुक्त असले तरी, माणसाने का करावे?

२५/
याच काळात दुसरा विचारही जोर धरत होता. डिसेंबर १९३४ मध्ये अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ स्थापन झाला. गावातच कातडे कमावणे हा त्याच्या कार्यक्रमाचा एक भाग. गांधीजींचे म्हणणे असे : कच्चे कातडे परदेशी जाते आणि पक्का माल होऊन परत येतो, हे काम हीन नाही, त्याला शास्त्र आणि प्रतिष्ठा दिली पाहिजे. वर्ध्याजवळ नालवाडीत गोपाळराव वाळुंजकरांनी याच हेतूने चर्मालय चालवले. सवर्ण घरातल्या माणसाने कातड्याला हात लावणे, ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती.

२६/
आता खानदेशच्या नकाशावर दोन ठिपके ठेवा. पहिला : फैजपूर, पूर्व खानदेश, म्हणजे आजचा जळगाव जिल्हा. डिसेंबर १९३६ मध्ये इथे काँग्रेसचे पहिले ग्रामीण अधिवेशन भरले. अध्यक्ष जवाहरलाल नेहरू. नंदलाल बोस यांनी बांबू आणि स्थानिक साहित्यातून नगर सजवले. खादी व ग्रामोद्योग प्रदर्शनाचे उद्घाटन गांधीजींनी केले. गावात उगवते आणि गावात बनते त्यातच देशाचे भविष्य आहे, हा त्या प्रदर्शनाचा संदेश.

२७/
दुसरा ठिपका : धुळे, पश्चिम खानदेश. ३१ जुलै १९३७. डॉ. आंबेडकर एका खटल्याच्या निमित्ताने धुळ्यास आले आणि लळिंग किल्ल्याच्या कुरणातील लांडोर बंगल्यात उतरले. दरवर्षी ३१ जुलैला हजारो लोक तिथे जमतात आणि त्या मुक्कामाची आठवण जागवतात. फैजपूर आणि लळिंग यांच्यात जेमतेम सात महिन्यांचे अंतर. एक विचार म्हणतो, कामाला प्रतिष्ठा द्या. दुसरा म्हणतो, आधी माणसाला ते काम नाकारण्याचा अधिकार द्या.

२८/
इतिहासाचे विद्यार्थी म्हणून या दोन भूमिकांकडे कसे पाहावे? ग्रामोद्योगाच्या भूमिकेत कौशल्याची कदर होती, पण ते कौशल्य जातीच्या साखळीत अडकले होते. साखळी तशीच राहिली तर सुधारलेले कुंडही त्याच दाराशी राहणार. आंबेडकरांच्या भूमिकेने साखळीवरच घाव घातला. काम सोडताना उत्पन्न गेले, गावाने बहिष्कार घातले, तरी लोकांनी सोडले. तरवडाची विद्या विसरली गेली याची हळहळ वाटणे स्वाभाविक आहे. पण ती विद्या ज्यांच्या माथी मारली होती, त्यांनी ती टाकून शाळेची वाट धरली, तो त्यांचा विजय होता.

२९/
शेवटचा घाव यंत्राचा. तेलावरची इंजिने आली; १९६० नंतर गावोगाव वीज पोहोचली आणि विहिरींवर विजेचे पंप बसले. रावेर-यावलच्या केळीच्या बागांचा आजचा विस्तार पंपाशिवाय कल्पनेतही येत नाही. लोखंडी पत्र्याच्या मोटाही काही काळ दिसल्या, मग त्याही गेल्या. वहाणांना रबरी तळ आले. धाव मोडून शेतात गेली, थारोळ्याचे दगड बांधाला लागले. मोट गेली तशी तरवडाची सर्वांत मोठी गरज संपली, आणि पाण्याची पातळी पंपामागे खोल खोल गेली, हा वेगळ्या धाग्याचा विषय.

३०/
तरवड मात्र संपले नाही. महाराष्ट्राच्या कोरड्या पट्ट्यात नवरात्रात घटावर त्याच्या फुलांच्या माळा चढतात. शेजारच्या तेलंगणात त्याच दिवसांत बतुकम्माच्या रासेत हेच फूल, ‘तंगेडू’, मानाने रचले जाते. २०१४ मध्ये स्थापन झालेल्या त्या राज्याचे ते राज्यपुष्प आहे. त्याहून मागे गेलात तर तमिळ संघम काव्यात प्रेमभंग झालेला नायक ‘आविरै’ची, म्हणजे याच झुडपाची, फुले माळून गावात फिरतो. श्रीलंकेत त्याच्या फुला-पानांचा चहा होतो. बाजारात आता ‘आवारम चहा’च्या पुड्याही मिळतात.

३१/
यात एक विसंगती आहे आणि तीच या धाग्याचे सार आहे. तरवडाचे फूल देवीच्या घटापर्यंत पोहोचले. त्याच झुडपाची साल सोलणारे हात शतकानुशतके देवळाबाहेर राहिले. झुडूप एकच, फांदी एकच. फुलाला शुद्ध म्हटले आणि सालीच्या कामाला अशुद्ध. वनस्पतीत असा भेद कुठेच नसतो. तो माणसांनी घातलेला असतो, आणि म्हणून माणसांना काढताही येतो.

३२/
ज्यांना पुढे शोध घ्यायचा आहे त्यांच्यासाठी तीन वाटा. पहिली : तुमच्या गावातील जुन्या विहिरीवर जा, काठाच्या दगडांवर दोरांच्या खाचा आणि थारोळ्याची जागा शोधा, त्यांचे फोटो व मापे घ्या. दुसरी : मोट हाकलेली माणसे अजून हयात आहेत; त्यांना मोट कोण शिवत असे, तिचे बलुते किती होते, कातडे कुठून येई, हे विचारा आणि नोंदवा. तिसरी : ज्या घरांत हे काम होते तिथेही जा, पण उत्सुकतेपेक्षा आदर अधिक घेऊन. त्यांना बोलावेसे वाटले तर ऐका. नाही वाटले तर तोही त्यांचा हक्क आहे.

३३/
राजांच्या लढाया ताम्रपटांत आणि बखरींत सापडतात. विहिरीतून एक मोट पाणी वर येण्यामागची कथा मात्र बांधावरच्या झुडपात, दगडावरच्या खाचेत आणि ‘कमावणे’ यासारख्या एका क्रियापदात शोधावी लागते. पावसाळा सरताना खानदेशच्या माळावर तरवड फुलेल, तेव्हा त्याच्याकडे एवढ्या ओळखीने पाहा.

धागा समाप्त. आपल्या गावात तरवडाला, मोटेच्या भागांना काही वेगळी नावे असतील तर खाली अवश्य लिहा. अहिराणी शब्दांचे विशेष स्वागत.

#खानदेश #तरवड #मोट #इतिहास